उसनवारीचा आरोप आणि आपले मौन

तीन राजांच्या सणाच्या आदल्या रविवारी आमच्या धर्मग्रामात धर्मशिक्षणाचा वर्ग भरला होता. दहावीतल्या एका मुलाने मोबाईलवर आलेला मजकूर उभे राहून वाचून दाखविला. येशूच्या शेकडो वर्षे आधी इराणात मिथ्र नावाचा देव २५ डिसेंबर रोजी कुमारीच्या पोटी जन्मला. त्याला बारा शिष्य होते. तो मरण पावला आणि तिसऱ्या दिवशी उठला. स्वर्ग, नरक, सैतान, देवदूत आणि अंतिम न्याय या कल्पना मूळच्या पारशांच्या. तेव्हा ख्रिस्ती धर्म म्हणजे निव्वळ उसनवारी होय, असा त्या मजकुराचा आशय होता. वाचून झाल्यावर मुलाने विचारले, ‘‘सर, हे खरे आहे का?’’ शिकविणाऱ्या गृहस्थांचा चेहरा उतरला. ते म्हणाले, ‘‘असले काही वाचणे म्हणजे श्रद्धेला कीड लावून घेणे. तो फोन आधी खिशात ठेव.’’ मुलगा खाली बसला. त्यानंतरच्या दोन रविवारी तो वर्गाला आला नाही.

मी त्या दिवशी पालक या नात्याने मागच्या बाकावर बसलो होतो. या विषयावरची चार पुस्तके माझ्या कपाटात आहेत आणि ती मी वाचलेलीही आहेत. तरीही मी उठलो नाही, बोललो नाही. शिकविणाऱ्यांचा अवमान होईल अशी सबब मी स्वतःला सांगितली. खरे कारण एवढेच, की अशा प्रसंगी गप्प बसण्याची आपल्याला पिढ्यान्‌पिढ्यांची सवय आहे. हा लेख म्हणजे त्या मौनाचे प्रायश्चित्त आहे आणि आपणा सर्वांवरचा आरोपही आहे.

माझे म्हणणे प्रथमच सांगून टाकतो. तो मजकूर बव्हंशी खोटा आहे. पण त्यात एक बी खरे आहे, आणि ते खरे बी आपण नाकारतो म्हणूनच भोवतीच्या खोट्याला बळ मिळते. झरथुष्ट्राच्या धर्माशी आपल्या पवित्र शास्त्राचा आणि ख्रिस्तसभेचा फार जुना, फार जवळचा आणि काही ठिकाणी रक्ताने माखलेला संबंध आहे. तो लपविण्याचे आपल्याला कारण नाही आणि लपविण्याचा अधिकार तर मुळीच नाही.

मिथ्राचे बारा शिष्य कोठून आले?

आधी खोट्याचा समाचार घेऊ. पारशांच्या अवेस्ता ग्रंथात मिथ्र आहे. त्याच्या स्तुतीची एक दीर्घ यश्त आहे. तो करारांचा रक्षक आहे, दिलेला शब्द मोडणाऱ्याचा शत्रू आहे. वैदिक ‘मित्र’ हा त्याचा सख्खा भाऊ. पण त्या स्तोत्रात त्याच्या कुमारीच्या पोटी जन्माची कथा नाही, शिष्य नाहीत, मरण नाही आणि पुनरुत्थानही नाही.

पुढे रोमन साम्राज्यात, इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या अखेरीपासून चौथ्या शतकापर्यंत, मिथ्रास नावाच्या देवाचा एक गुप्त पंथ सैनिकांत आणि व्यापाऱ्यांत पसरला. त्याने इराणी नाव घेतले. पण त्याचे रूप बव्हंशी रोमन भूमीवर घडले, असे आज पुष्कळ अभ्यासक मानतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस फ्रान्झ क्यूमाँ या बेल्जियन पंडिताने हा पंथ थेट इराणातून आला असे मांडले होते. १९७१ मध्ये मँचेस्टर येथे भरलेल्या परिषदेपासून त्या मताला मोठा हादरा बसला. या पंथाच्या भूमिगत मंदिरांतली शिल्पे आजही पाहता येतात. त्यांत मिथ्रास कुमारीच्या नव्हे, खडकाच्या पोटातून तरुण रूपाने बाहेर पडतो. तो बैल मारतो. स्वतः मरत नाही, तर पुनरुत्थान कोठून होणार? आणि ते ‘बारा शिष्य’? शिल्पाच्या भोवती कोरलेल्या बारा राशी आहेत त्या!

२५ डिसेंबरचे काय? सम्राट ऑरेलियनने सन २७४ मध्ये ‘अजिंक्य सूर्या’ची राजपूजा थाटामाटाने सुरू केली. सन ३५४ च्या एका रोमन पंचांगात ही तारीख सूर्याच्या जन्मोत्सवाची म्हणून आढळते; त्याच ग्रंथसंग्रहात ती ख्रिस्तजन्माची म्हणूनही आढळते. ख्रिस्ती लोकांनी सूर्योत्सवाचा दिवस उचलला, की २५ मार्च या दिवसापासून नऊ महिने मोजून ती तारीख ठरविली, याविषयी अभ्यासकांत वाद आहे. पण यांपैकी काहीही खरे ठरले तरी आपले काय बिघडते? शुभवर्तमानात प्रभूच्या जन्माची तारीख दिलेलीच नाही. नाताळ त्या दिवशी साजरा करणे ही ख्रिस्तसभेची प्रथा आहे, श्रद्धेचे कलम नव्हे. ही गोष्ट आपल्या मुलांना आपणच आधी सांगितली असती, तर मोबाईलवरच्या मजकुराने त्यांना धक्का बसला नसता.

जे खरे आहे ते

आता खऱ्या बीजाकडे वळू. इसवी सनापूर्वी ५३९ मध्ये इराणचा राजा कोरेश याने बाबेल जिंकले आणि तेथे बंदिवासात असलेल्या यहुदी लोकांना मायदेशी परतून मंदिर बांधण्याची मुभा दिली. यशयाच्या पंचेचाळिसाव्या अध्यायात या परकीय राजाला परमेश्वराचा ‘अभिषिक्त’ म्हटले आहे. ‘मशीहा’ आणि ‘ख्रिस्त’ या शब्दांचा अर्थ हाच. यहुदी नसलेल्या दुसऱ्या कोणालाही जुन्या करारात हा बहुमान मिळालेला नाही. कोरेश स्वतः झरथुष्ट्राचा अनुयायी होता की नव्हता हे सिद्ध झालेले नाही. १८७९ मध्ये सापडलेल्या त्याच्या प्रसिद्ध मृत्तिकालेखात तो बाबेलच्या मर्दुक देवाचेच नाव घेतो. तो लेख डिसेंबर २०१३ ते फेब्रुवारी २०१४ या काळात मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात मांडला होता. पारशी कुटुंबे आपल्या नातवंडांना घेऊन तो पाहायला लोटली. तो लेख आपल्याही बायबलच्या इतिहासाचा साक्षीदार आहे, याची आठवण आपल्या किती धर्मग्रामांना झाली?

त्यानंतर दोनशे वर्षे यहुदी लोक इराणी साम्राज्यात राहिले. दोनशे वर्षे शेजारी राहून एकमेकांची भाषा कानांवर पडणार नाही, असे कधी होते काय? शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकात (अध्याय २४) दावीद राजाला शिरगणतीची बुद्धी परमेश्वराचा कोप देतो. बंदिवासानंतर लिहिलेल्या इतिहासाच्या पहिल्या पुस्तकात (अध्याय २१) तीच गोष्ट पुन्हा सांगताना ती बुद्धी सैतान देतो. या मधल्या काळात देवाच्या लोकांना वाईटाच्या उगमाविषयी अधिक खोल विचार करावा लागला, आणि तो विचार त्यांनी अशा देशात केला जेथे चांगले व वाईट यांच्या संग्रामाची शिकवण होती. हे मान्य केल्याने कोणता विश्वास ढळतो?

आपल्या कॅथलिक बायबलमध्ये तर याचा एक ढळढळीत पुरावाच जपून ठेवलेला आहे. तोबितचे पुस्तक प्रॉटेस्टंट बंधूंच्या बायबलमध्ये नाही. आपल्या बायबलमध्ये आहे. त्यात सारेचे सात वर मारणाऱ्या पिशाच्चाचे नाव अस्मोदेउस. बहुसंख्य अभ्यासकांच्या मते हा अवेस्तातला ‘अएष्म दएव’, म्हणजे क्रोधाचा पिशाच्च. (आपला ‘देव’ हा शब्द इराणात गेला की दुष्टात्मा होतो, आणि आपला ‘असुर’ तेथे ‘अहुर’ म्हणजे प्रभू होतो, ही गंमत मराठी वाचकाला निराळी सांगायला नको.) तोबियाचा प्रवास मेदी लोकांच्या देशात होतो, त्याला जायचे असते ते रागेस नगर म्हणजे आजच्या तेहरानजवळचे रै. देवदूत राफाएल स्वतःला परमेश्वरासमोर उभ्या असणाऱ्या सात दूतांपैकी एक म्हणवितो. अहुर मज्दाभोवतीही अमेष स्पेंतांचा असा एक मेळा आहे, आणि परंपरा मज्दासह त्यांची संख्या सातच मोजते. तोबियाच्या मागोमाग चालणारा कुत्रासुद्धा काही पंडितांना इराणी वाटतो, कारण झरथुष्ट्री धर्मात कुत्र्याला जो मान आहे तो यहुदी परंपरेत नाही.

क्रुसावरून प्रभूने पश्चात्तापी चोराला जे अभिवचन दिले, त्यात संत लूकने वापरलेला ग्रीक शब्द ‘पारादेइसोस’ हा आहे. त्याचे मूळ अवेस्तातल्या ‘पइरि-दएझ’ या शब्दात, म्हणजे भोवती भिंत घातलेल्या बागेत, आहे. त्यातला ‘पइरि’ म्हणजे आपल्या ‘परिसर’, ‘परिघ’ यांतला ‘परि’. आपल्या तारणाऱ्याचे शेवटचे अभिवचन नव्या करारात इराणी मातीतून उगवलेल्या शब्दातून आपल्यापर्यंत आले. मला यात लाज वाटत नाही, आनंद वाटतो.

येथे आपल्यातील थोडे वाचणारे लोक एक उलटे उत्तर देतात. पारशांचे ग्रंथच मुळी येशूनंतर लिहिले गेले, तेव्हा उसनवारी त्यांनी केली असेल! हे उत्तर चतुर आहे, पण प्रामाणिक नाही. अवेस्ता लेखी स्वरूपात आला तो सासानी काळात, हे खरे. जगाच्या आरंभाची व अंताची सविस्तर कथा सांगणारा ‘बुंदहिश्न’ हा पहलवी ग्रंथ नवव्या शतकातला, हेही खरे. सर्वांत जुनी उपलब्ध हस्तलिखिते तेराव्या-चौदाव्या शतकांतली आहेत. त्यांपैकी दोन प्रसिद्ध हस्तलिखिते सन १३२३ मध्ये आपल्याच पश्चिम किनाऱ्यावर, खंबायत येथे लिहिली गेली. पण झरथुष्ट्राच्या सतरा गाथांची भाषा ऋग्वेदाच्या भाषेइतकी प्राचीन आहे, आणि त्या मुखोद्गत राहिल्या. मृतांच्या उठण्याची आशा प्राचीन यश्तीत आढळते. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकातला थिओपोम्पस हा ग्रीक लेखक मागी लोकांची ही श्रद्धा जाणून होता. म्हणून ‘सारे आमच्याकडूनच गेले’ असे म्हणणे आणि ‘सारे तुमच्याकडूनच आले’ असे म्हणणे ही एकाच आळसाची दोन रूपे आहेत.

सारखेपणा कोठे संपतो

मग दोन्ही धर्म एकच आहेत काय? मुळीच नाहीत. जे लोक सलोख्याच्या नावाखाली ‘सारे धर्म एकच’ म्हणून मोकळे होतात, त्यांच्याशीही माझे भांडण आहे. ते पारशांचा धर्म समजून घेत नाहीत आणि आपलाही नाही.

परंपरागत झरथुष्ट्री शिकवणीत अंग्र मैन्यू, म्हणजे दुष्टात्मा, हा अहुर मज्दाची निर्मिती नाही. तो आरंभापासूनचा विरोधक आहे. आपल्या शिकवणीत सैतान हा निर्माण केलेला जीव आहे. देवाने त्याला चांगलेच घडविले; तो स्वतःच्या निवडीने बिघडला, हे १२१५ च्या चौथ्या लॅटरन परिषदेने स्पष्ट शब्दांत मांडले. संत ऑगस्टीन तारुण्यात नऊ वर्षे मानीच्या पंथात होते. मानी हा इराणी साम्राज्यातला, प्रकाश व अंधार यांचे दोन अनादी राज्यांत विभाजन करणारा. त्यातून बाहेर पडताना ऑगस्टीन यांनी जो निष्कर्ष काढला तो असा, की वाईटाला स्वतःचे अस्तित्व नाही. ते चांगल्याचा अभाव आहे. एका दृष्टीने हा निष्कर्ष इराणी प्रश्नाला दिलेले ख्रिस्ती उत्तर आहे. प्रश्न शेजाऱ्याकडून आला म्हणून उत्तर उसने ठरत नाही.

पुनरुत्थानाचेही तसेच. सदूकी लोकांनी पुनरुत्थानाची टिंगल केली तेव्हा प्रभूने जे उत्तर दिले ते आठवा (मार्क, अध्याय १२). त्यांनी जगाच्या अंताचे वेळापत्रक मांडले नाही. जळत्या झुडपातून मोशेशी बोलणाऱ्या देवाची त्यांना आठवण दिली: जो अब्राहामाचा, इसहाकाचा, याकोबाचा देव आहे, तो मेलेल्यांचा देव कसा असेल? मक्काबींच्या दुसऱ्या पुस्तकात सात मुलांची आई आपल्या लेकरांना मरणाला सामोरे जायला सांगते ती देवाच्या निष्ठेवरच्या याच भरवशावर. आशेचा दिवा शेजारच्या घरी आधी लागलेला असेल. आपल्या घरात तो कराराच्या तेलावर जळतो. आणि देव स्वतः माणूस झाला, सुतारकाम करून जगला, गुन्हेगारांच्या मध्ये टांगला गेला, ही वार्ता तर गाथांत नाही आणि यश्तींतही नाही. जे आपले वैशिष्ट्य आहे त्याला तो मजकूर हातही लावू शकलेला नाही.

रक्ताचा इतिहास

पण विचारांच्या देवघेवीपेक्षा आपण अधिक विसरलो आहोत ते इतिहासाला. इराणी साम्राज्यात ख्रिस्ती समाज फार लवकर रुजला. सन ३१३ नंतर रोमचा सम्राट ख्रिस्ताच्या बाजूला झुकला आणि इराणातले ख्रिस्ती लोक एका रात्रीत ‘शत्रूच्या धर्माचे’ ठरले. शापूर दुसरा याने त्यांच्यावर दुप्पट कर लादला. तो वसूल करून देण्यास महागुरू शिमोन बार साब्बाए यांनी नकार दिला आणि सन ३४० नंतरच्या चारपाच वर्षांत, परंपरेप्रमाणे शुभ शुक्रवारी, अनेक धर्मबंधूंसह त्यांचा शिरच्छेद झाला. ‘तुमची निष्ठा सीमेपलीकडे आहे’ हा आरोप अल्पसंख्याकांना किती जुना आहे, हे आपल्याला यातून कळावे. आपल्या रक्तसाक्ष्यांच्या यादीत रोमच्या सिंहांसमोर उभे राहिलेले सारे असतात. हे इराणी साक्षीदार किती घरांना ठाऊक आहेत?

मात्र गोष्ट येथे थांबविली तर तीही अर्धवट होईल. त्याच सासानी घराण्यातल्या यज्दगर्द पहिल्याने सन ४१० मध्ये सेल्युशिया-क्टेसिफोन येथे ख्रिस्ती महागुरूंची परिषद भरू दिली. या उदारपणामुळे त्याच्याच धर्माचे पुरोहित त्याला ‘पापी’ म्हणू लागले. आणि अशा राजाच्या राज्यात, ४२० च्या सुमारास, अब्दा नावाच्या एका महागुरूने पारशांचे अग्निमंदिर पाडले. राजाने ते पुन्हा बांधून देण्यास सांगितले. अब्दाने नकार दिला. त्याचा वध झाला आणि छळाचे नवे पर्व सुरू झाले. त्याच शतकातले ख्रिस्ती इतिहासकार महागुरू थिओडोरेट यांनी यावर दिलेला अभिप्राय मला फार मोलाचा वाटतो. अग्नीच्या पूजेचे मंदिर बांधून देण्याऐवजी अब्दाने मरण पत्करले याची ते स्तुती करतात. पण मंदिर पाडणे चुकीचेच होते असेही निःसंकोच लिहितात, आणि अथेन्समध्ये वेद्यांनी भरलेले नगर पाहूनही संत पौलने एकाही वेदीला हात लावला नाही याची आठवण देतात. स्वतःच्या हुतात्म्याची चूक लिहून ठेवण्याचे धैर्य पाचव्या शतकातल्या महागुरूजवळ होते. आपल्याजवळ ते का नसावे?

सन ६१४ मध्ये खुस्रो दुसऱ्याच्या सैन्याने यरुशलेम लुटून पवित्र क्रूस नेला. सम्राट हेराक्लियसने सन ६३० मध्ये तो परत आणला. १४ सप्टेंबरच्या क्रूसविजयाच्या सणाला या घटनेची स्मृती जोडलेली आहे. ज्या खुस्रोने क्रूस नेला त्याची लाडकी राणी शिरीन ख्रिस्ती होती, हेही इतिहासच सांगतो. त्यानंतर अवघ्या काही वर्षांत अरबांची सत्ता आली आणि कालचे राज्यकर्ते व कालचे छळलेले, दोघेही एकाच पंक्तीत अल्पसंख्याक म्हणून बसले.

आपल्या किनाऱ्यावर

आणि दोघांचीही जहाजे आपल्याच किनाऱ्याला लागली. सहाव्या शतकात कॉस्मास हा ग्रीक व्यापारी ‘कल्लियाना’ या बंदरात इराणातून नेमलेला महागुरू असल्याचे लिहितो; अनेक अभ्यासक ते आपले कल्याण मानतात. सन ८४९ च्या सुमारास केरळात कोल्लमच्या ख्रिस्तमंदिराला दिलेल्या सनदेच्या ताम्रपटांवर साक्षीदारांच्या सह्या आहेत. त्या अरबी, हिब्रू आणि पहलवी लिपींत आहेत, आणि पहलवीत सही करणाऱ्यांत झरथुष्ट्रीही आहेत. ख्रिस्तमंदिराच्या हक्काला पारशाची साक्ष! साष्टीच्या कान्हेरी लेण्यांत पारशी प्रवाशांनी सन १००९ व १०२१ मध्ये आपली नावे पहलवीत कोरून ठेवली. शाळेच्या सहलीला आपली मुले तेथे जातात आणि वडे खाऊन परततात.

सन १३२१ मध्ये ठाण्यात चार फ्रान्सिस्कन धर्मबंधू हुतात्मे झाले. त्यांच्याबरोबर आलेला डोमिनिकन धर्मगुरू जॉर्डानस याने पुढे हिंदुस्थानाचे वर्णन लिहिले. त्यात अग्नी पूजणारे, प्रेते छप्पर नसलेल्या बुरुजात पक्ष्यांसाठी ठेवणारे, चांगले व वाईट अशी दोन आदितत्त्वे मानणारे लोक आहेत. एवढे लिहून तो म्हणतो, की या विषयाची चर्चा तूर्त करण्याचा आपला विचार नाही. वाचकहो, त्या ‘तूर्त’ला आता सातशे वर्षे झाली!

मधल्या काळात आपण जे केले ते फारसे भूषणावह नाही. १५६३ मध्ये गोव्यात छापलेल्या आपल्या ग्रंथात गार्सिया दा ओर्ता वसईतल्या पारशांचा उल्लेख करतो आणि पोर्तुगीज लोक त्यांना यहुदी समजतात, ते चूक आहे असे सांगतो. ज्यांच्यावर राज्य केले त्यांचे नावही धड ठाऊक नव्हते. ठाण्याच्या पारशांत एक आख्यायिका आहे: पोर्तुगीज अधिकाऱ्याने स्नानसंस्काराची सक्ती केली, तेव्हा त्यांनी तयारी दाखवून एका रविवारपुरती मेजवानीची मुदत मागून घेतली आणि वाजतगाजत रातोरात कल्याण गाठले. ती कथा अक्षरशः खरी नसेलही. पण शेजाऱ्याच्या स्मृतीत आपण कोणत्या रूपाने आहोत ते तिच्यातून कळते. पुढे १८३९ मध्ये मुंबईत स्कॉटिश मिशनच्या शाळेतील दोन पारशी तरुणांचा स्नानसंस्कार झाला, प्रकरण न्यायालयात गेले, आणि १८४३ मध्ये डॉ. जॉन विल्सन यांनी पारशी धर्माच्या खंडनाचा ग्रंथ लिहिला. याउलट, १८५९ पासून पुण्यात संस्कृत शिकविणाऱ्या मार्टिन हाउग या जर्मन पंडिताने खंडनाऐवजी गाथांचा अर्थ लावण्याचे कष्ट घेतले आणि पारशांचा आदर मिळविला. खंडन करणाऱ्याचा विजय झाला नाही. समजून घेणाऱ्याचे ग्रंथ आजही चाळले जातात.

तरीही सामान्य माणसे पंडितांच्या पुढे होती. १८४५ मध्ये माहीमचा पूल बांधून झाला तो लेडी आवाबाई जमशेटजी यांच्या देणगीतून. मोत माउलीच्या यात्रेला जाणाऱ्या किती पिढ्यांचे पाय त्या पारशी बाईच्या दानावरून चालत गेले! आणि आपण? आपण अजूनही त्यांना ‘अग्निपूजक’ म्हणतो. वेदीवर तेवणाऱ्या दिव्याला कोणी आपली ‘दीपपूजा’ म्हटले तर आपल्याला कसे वाटेल? २०११ च्या जनगणनेत भारतात ५७,२६४ पारशी उरले होते. शेजाऱ्याचे दार बंद होण्यापूर्वी त्याची नीट ओळख करून घेण्याची वेळ आहे.

मग काय करावे?

कोणी म्हणेल, हे पंडितांचे काम. साध्या भाविकाच्या डोक्यात हा गोंधळ कशाला? पण गोंधळ आपण घातलेला नाही. तो प्रत्येक मुलाच्या खिशात आधीच पोहोचला आहे. आपल्या हातात एवढेच आहे, की त्याला उत्तर द्यायचे की पाठ दाखवायची. दुसरा कोणी म्हणेल, यातून श्रद्धा डळमळेल. जी श्रद्धा एका शब्दाची व्युत्पत्ती ऐकून डळमळते ती श्रद्धा नव्हे, सवय होय. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने २८ ऑक्टोबर १९६५ रोजी प्रसिद्ध केलेल्या ‘नोस्त्रा एताते’ या घोषणेत, इतर धर्मांत जे सत्य व पवित्र आहे त्यातले काहीही ख्रिस्तसभा नाकारत नाही, असे शिकविले आहे. त्या घोषणेत पारशी धर्माचे नाव नाही, ही उणीव आहे. पण १९८६ मध्ये असिसी येथे पोप दुसरे जॉन पॉल यांनी जगातील धर्मांना प्रार्थनेसाठी बोलाविले तेव्हा झरथुष्ट्रीही तेथे होते. दार उघडे आहे; उंबरठ्यावर आपणच थांबलो आहोत.

माझ्या मागण्या मोठ्या नाहीत. तीन राजांच्या सणाला आपण गव्हाणीसमोर उंट मांडतो. त्या दिवशी मुलांना हेही सांगावे, की मत्तयने त्यांना राजे म्हटलेले नाही, तिघे म्हटलेले नाही. ‘मागी’ म्हटले आहे, आणि हा शब्द मुळात इराणी पुरोहितांचा आहे. पुढे तो जादूगारांनाही लावला गेला, आणि मत्तय केवळ ‘पूर्वेकडून’ एवढेच सांगतो, म्हणून ते इराणीच होते अशी ग्वाही देता येत नाही. पण प्राचीन ख्रिस्ती चित्रकारांनी त्यांना इराणी पोशाखातच पाहिले. सहाव्या शतकातल्या राव्हेन्ना येथील भित्तिचित्रात ते इराणी टोपी आणि विजार घालून देवमातेकडे धावत आहेत. धर्मशिक्षणाच्या अभ्यासक्रमात तोबितच्या पुस्तकाला एक रविवार द्यावा. इराणी हुतात्म्यांची नावे एका तरी मिस्सेत घ्यावीत. जेथे पारशी शेजारी आहेत तेथील धर्मग्रामाने त्यांच्यापैकी एखाद्या जाणत्या माणसाला बोलावून ‘हुमत, हुख्त, हुवर्श्त’, म्हणजे सुविचार, सुवचन, सुकृती, यांचा अर्थ त्यांच्याच तोंडून ऐकावा. आणि शिकविणाऱ्याला एखादे उत्तर ठाऊक नसेल, तर ‘मला ठाऊक नाही, पुढच्या रविवारी सांगतो’ असे म्हणण्यास त्याने लाजू नये.

आपल्या परंपरेनुसार परधर्मीयांपैकी पहिले कोणी बाळ येशूपुढे गुडघे टेकले असतील, तर ते एक ताऱ्याविषयी प्रश्न घेऊन आले होते. ‘तो कोठे आहे?’ असे विचारीत ते यरुशलेमच्या रस्त्यांतून फिरले. त्या प्रश्नाने राजवाडा घाबरला. शास्त्री पुस्तक उघडून नेमके उत्तर देऊन जागच्या जागी बसून राहिले. प्रश्न विचारणारे मात्र बेथलेहेमला पोहोचले. आमच्या वर्गातला तो मुलगा प्रश्न घेऊनच उभा राहिला होता. मी त्याच्या घरी जाऊन आलो आहे. येत्या रविवारी तो येतो म्हणाला आहे, आणि या वेळी मी मागच्या बाकावर बसणार नाही.